अर्ध्याहून अधिक, पुऱ्याहून कमी : ‘गिबस’ या शब्दाची गोष्ट

इंग्रजीत ‘गिबस’ असे एक विशेषण आहे. रोजच्या बोलण्यात ते जवळजवळ येतच नाही. इंग्रजी मातृभाषा असणाऱ्या माणसालाही हा शब्द बहुधा एकाच नामाच्या शेजारी भेटतो. ते नाम म्हणजे चंद्र. अर्ध्याहून जास्त उजळलेला, पण अजून पूर्ण न झालेला चंद्र म्हणजे ‘गिबस मून’. तो वाढत असेल तर ‘वॅक्सिंग गिबस’, घटत असेल तर ‘वेनिंग गिबस’. पहिल्या अक्षराचा उच्चार ‘गणपती’तल्या ग-सारखा करायचा. ‘जिबस’ असा उच्चार काही जण करतात, पण रूढ उच्चार ‘गिबस’ हाच.

अशा एका आडवळणाच्या शब्दासाठी विज्ञानाच्या मासिकाची पाने कशाला खर्च करायची, असे कोणी विचारील. कारण असे की, हा शब्द ज्या आकाराचे नाव आहे तो आकार विज्ञानाच्या इतिहासात निदान तीन वेळा साक्षीदार म्हणून उभा राहिला आहे. चंद्र चेंडूसारखा आहे की थाळीसारखा? पृथ्वीचा आकार कोणता? शुक्र कोणाभोवती फिरतो? या तिन्ही प्रश्नांत या आकाराची साक्ष महत्त्वाची ठरली. आणि तरीही शाळेत चंद्राच्या कला शिकवताना सगळ्यात कमी लक्ष याच आकाराकडे जाते.

कुबडापासून चंद्रापर्यंत

मूळ शब्द लॅटिन. ‘गिबस’ किंवा ‘गिबर’ म्हणजे कुबड, उंचवटा. त्यावरून ‘गिबोसस’ म्हणजे कुबड असलेला. इंग्रजीत हा शब्द पंधराव्या शतकाच्या आसपास आला. त्या वेळी त्याचा अर्थ ‘फुगीर’, ‘बाहेर आलेला’, ‘पाठीला पोक असलेला’ असा होता. माणसाला, उंटाच्या पाठीला, टेकाडाला, कशालाही तो लावता येई. पुढे माणसासाठी त्याचा वापर मागे पडला आणि चंद्राला तो कायमचा चिकटला.

तरी मूळ अर्थ पुरता गेलेला नाही. पाठीच्या कण्याला क्षयरोग झाला की एखादा मणका खचतो आणि पाठीवर टोकदार उंचवटा येतो. त्याला डॉक्टर आजही ‘गिबस’च म्हणतात. पर्सिव्हल पॉट या इंग्रज शल्यविशारदाने १७७९ साली या विकाराचे वर्णन केले, म्हणून त्याला पॉटचा रोग असेही नाव आहे.

वनस्पतिशास्त्रात ज्या भागाला एका बाजूने फुगवटा आहे त्याला हेच विशेषण लावतात. डबक्याच्या पाण्यावर टिकल्यांसारखी इवलीशी हिरवी पाने तरंगताना आपण पाहतो. त्यांतल्या एका जातीचे नाव लिनियसने १७५३ साली ‘लेम्ना गिब्बा’ असे ठेवले. तिच्या पानाची खालची बाजू हवेच्या पोकळ्यांमुळे फुगलेली असते, म्हणून ती ‘कुबडी’.

याच घराण्यातला एक शब्द नाशिक-सांगलीच्या द्राक्षबागांत रोज वापरला जातो. द्राक्षमणी लांब आणि मोठे व्हावेत म्हणून बागायतदार घड ‘जी.ए.’च्या पाण्यात बुडवतात. जी.ए. म्हणजे जिबरेलिक आम्ल. जपानमध्ये भाताची रोपे एका रोगाने अवाजवी उंच वाढत आणि कोलमडत. हा रोग करणाऱ्या बुरशीचा स्राव रोपांना दिला की तीही तशीच वाढतात, हे कुरोसावा यांनी १९२६ साली दाखवले. त्यातल्या द्रव्याला याबुता यांनी १९३५ मध्ये जिबरेलिन हे नाव दिले. ते नाव त्या बुरशीच्या ‘जिबरेला’ या तेव्हाच्या नावावरून आले आणि जिबरेला आले लॅटिनमधल्या ‘गिबर’वरून, म्हणजे कुबडावरून. कुबड, चंद्र आणि द्राक्षाचा घड यांना जोडणारा धागा असा आहे.

ग्रीकांची चार नावे

लॅटिनच्या आधी ग्रीक लोकांनी चंद्राच्या रूपांना चार नावे दिली होती. कोर, अर्धा, तिसरा हा आपला आकार आणि चौथा पूर्ण. तिसऱ्याचे ग्रीक नाव ‘अँफिकिर्टॉस’. त्याचा शब्दशः अर्थ ‘दोन्ही बाजूंनी बाहेर वळलेला’. कुबड या प्रतिमेपेक्षा हे नाव भूमितीच्या दृष्टीने अधिक नेमके आहे. कोरीची एक कड बाहेर वळलेली असते आणि दुसरी आत. अर्ध्या चंद्राची एक कड वाकलेली, दुसरी सरळ. तिसऱ्या रूपात मात्र दोन्ही कडा बाहेर फुगलेल्या असतात. म्हणजे एक कड तीच राहते आणि दुसरी आतून सरळ, सरळवरून बाहेर अशी सरकत जाते.

ही सरकणारी कड म्हणजे चंद्रावरच्या उजेडाची आणि अंधाराची सीमारेषा. ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात अॅरिस्टॉटलने आकाशाविषयीच्या आपल्या ग्रंथात तिचा उपयोग केला. त्याचे म्हणणे थोडक्यात असे : चंद्र वाढताना आणि घटताना बहुतेक काळ कोरीसारखा किंवा दोन्ही बाजूंनी फुगीर दिसतो, बरोबर अर्धा असा एकदाच दिसतो. असे होण्यासाठी तो गोलच असला पाहिजे.

हे वर्गात सहज पडताळून पाहता येते. अंधाऱ्या खोलीत एका बाजूने टॉर्चचा झोत सोडा आणि त्यात एक थाळी धरा. थाळीचा आपल्याकडचा पृष्ठभाग एक तर सगळा उजळतो, नाही तर सगळा अंधारात राहतो. थाळीवर अर्धा भाग उजेडात आणि अर्धा अंधारात, असे कधी होत नाही. आता थाळीच्या जागी चेंडू धरा. त्याचा अर्धा भाग नेहमीच उजळलेला असतो आणि सीमारेषा हे चेंडूभोवतीचे एक वर्तुळ असते. ते वर्तुळ आपण बरोबर कडेने पाहिले तर सरळ रेघ दिसते, तिरपे पाहिले तर वाकलेली रेघ दिसते. टॉर्च तसाच ठेवून आपण चेंडूभोवती फिरलो की कोर, अर्धा, फुगीर आणि पूर्ण ही चारही रूपे ओळीने दिसतात. सरळ रेघ मात्र एका क्षणापुरतीच. अॅरिस्टॉटलचा ‘एकदाच’ हा शब्द इथे कळतो.

ग्रहणातला चंद्र आणि नवमीचा चंद्र

त्याच ग्रंथात हा आकार आणखी एकदा येतो आणि त्या वेळी प्रश्न पृथ्वीचा असतो. दर महिन्याच्या कलांमध्ये चंद्रावरची सीमारेषा सगळ्या तऱ्हांची दिसते. सरळ, बाहेर फुगलेली, आत वळलेली. ग्रहणात मात्र ती नेहमी एकाच तऱ्हेने वाकलेली असते, असे अॅरिस्टॉटल नोंदवतो. ग्रहणातली रेषा ही पृथ्वीच्या सावलीची कड आहे. ती नेहमी वर्तुळाचाच तुकडा असेल, तर सावली टाकणारी पृथ्वीही गोल असली पाहिजे.

या युक्तिवादात नुसती ‘ग्रहणात सावली गोल दिसते’ एवढीच गोष्ट नाही. त्याला कलांशी तुलनेची जोड आहे. कलांमध्ये रेषा आपला आकार बदलते, ग्रहणात बदलत नाही. तेव्हा दोन्हींची कारणे वेगळी आहेत, हेही यातून आपोआप निघते.

चंद्राच्या कला पृथ्वीच्या सावलीमुळे होतात, असे सांगणारी मुले प्रत्येक वर्गात भेटतात. मोठी माणसेही भेटतात. त्यांचा गैरसमज दूर करायला फुगीर चंद्रासारखा दुसरा पुरावा नाही. मुलांना ‘पौर्णिमेच्या तीन दिवस आधीचा चंद्र काढा’ असे सांगून पाहावे. पुष्कळ जण पूर्ण वर्तुळ काढून त्याच्या एका कडेला चावा घेतल्यासारखी खाच दाखवतात. असा चंद्र दिसतो, पण फक्त ग्रहणात. द्वादशीच्या चंद्राला खाच नसते. त्याची एक बाजू किंचित चेपल्यासारखी असते, पण ती कडही बाहेरच वळलेली असते. पृथ्वीची सावली चंद्रापेक्षा बरीच मोठी आहे. ती चंद्रावर पडली की उरलेल्या उजळ भागाची कड आतच वळणार. म्हणजे दोन्ही बाजूंनी फुगीर असा चंद्र पृथ्वीच्या सावलीमुळे कधीच तयार होऊ शकत नाही. अशा चंद्राकडे एकदा नीट पाहिले की सावलीचा सिद्धांत तिथेच संपतो.

उन्हातला घडा

आपल्याकडे या आकाराला ग्रीकांसारखे वेगळे नाव प्रचारात नसले, तरी त्यामागचे कारण पक्के ठाऊक होते. सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहत्संहिते’त चंद्राच्या कला समजावताना एक दृष्टांत दिला आहे. सूर्याच्या खाली असलेल्या चंद्राचा अर्धा भाग सूर्यकिरणांनी नेहमी उजळलेला असतो आणि उरलेला अर्धा स्वतःच्याच सावलीने काळा असतो, उन्हात ठेवलेल्या घड्यासारखा. चंद्र रोज सूर्यापासून दूर जातो तसतसा त्याचा उजळ भाग आपल्याला अधिक दिसत जातो, दुपार कलल्यावर घड्याच्या पश्चिमेकडच्या बाजूवर ऊन वाढत जावे तसा.

इथे ‘स्वतःच्याच सावलीने’ हे शब्द मोलाचे आहेत. पृथ्वीच्या सावलीचा इथे संबंध नाही, हे त्यांत स्पष्ट आहे. नाव नसले म्हणजे ज्ञान नसते असे मुळीच नाही. नावाचा उपयोग वेगळा आहे. शेकडो जणांनी पाहिलेल्या एका आकारावर नेमके बोट ठेवता यावे, यासाठी नाव लागते. ते बोट किती नेमके ठेवावे लागते, हे सतराव्या शतकाच्या सुरुवातीला दिसून आले.

शुक्राची साक्ष

गॅलिलिओने दुर्बिणीतून शुक्राच्या कला पाहिल्या आणि त्यामुळे पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे सिद्ध झाले, असे आपण अनेकदा वाचतो. या वाक्यात दोन ठिकाणी घाई झाली आहे. ती कोणती, ते पाहू या.

दुसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात राहणाऱ्या टॉलेमीच्या रचनेत पृथ्वी मध्यभागी स्थिर होती. शुक्र आकाशात सूर्यापासून फार दूर जात नाही, जास्तीत जास्त सुमारे ४७ अंश. म्हणूनच तो एक तर पहाटे पूर्वेला किंवा संध्याकाळी पश्चिमेला दिसतो. हे साधण्यासाठी टॉलेमीने शुक्राला एका छोट्या वर्तुळावर फिरवले आणि त्या छोट्या वर्तुळाचे केंद्र नेहमी पृथ्वीकडून सूर्याच्या दिशेने जाणाऱ्या रेषेवर ठेवले. हे छोटे वर्तुळ पृथ्वी आणि सूर्य यांच्या मध्ये, म्हणजे सूर्याच्या अलीकडे होते. १५४३ साली प्रसिद्ध झालेल्या कोपर्निकसच्या ग्रंथात मध्यभागी सूर्य आला आणि शुक्र त्याच्याभोवती फिरू लागला. शुक्र आकाशात कुठे दिसेल याचे गणित दोन्ही रचनांनी चालत होते. मग निवड कशी करायची?

इथे आपल्या विशेषणाची गरज पडते. शुक्र सूर्याच्या प्रकाशाने उजळतो असे धरू. आता मनाने शुक्रावर उभे राहा. तिथून एक रेघ सूर्याकडे आणि एक पृथ्वीकडे काढा. या दोन रेघांमधला कोन काटकोनाएवढा असेल, तर पृथ्वीवरून शुक्र बरोबर अर्धा दिसेल. कोन काटकोनापेक्षा मोठा असेल तर कोर दिसेल. लहान असेल तर फुगीर दिसेल. नियम एवढाच.

टॉलेमीच्या रचनेत छोटे वर्तुळ सगळेच्या सगळे सूर्याच्या अलीकडे आहे. शुक्र त्यावर कुठेही असला तरी हा कोन काटकोनापेक्षा मोठाच राहतो. (वहीत आकृती काढून विद्यार्थ्यांनी हे जरूर करून पाहावे. पृथ्वीपासून छोट्या वर्तुळाला स्पर्शिका काढली की मार्ग सापडतो.) म्हणजे टॉलेमीचा शुक्र दुर्बिणीतून पाहिला तर त्याची फक्त कोर दिसेल, कधी बारीक तर कधी जरा जाड. तो फुगीर कधीच दिसणार नाही. उलट शुक्राचे वर्तुळ सूर्याच्या पलीकडे ठेवले, तर तो नेहमी फुगीर किंवा पूर्ण दिसेल आणि कोर कधीच दिसणार नाही. कोपर्निकसच्या रचनेत शुक्र सूर्याच्या अलीकडूनही जातो आणि पलीकडूनही, म्हणून त्याची सगळी रूपे दिसायला हवीत. शिवाय तो पलीकडे असताना लहान आणि फुगीर, अलीकडे असताना मोठा आणि कोरीसारखा दिसायला हवा.

आता पहिली घाई लक्षात येईल. ‘गॅलिलिओने शुक्राची कोर पाहिली’ एवढ्याने टॉलेमीचे काहीच बिघडत नाही. कोर तर टॉलेमीच्या रचनेतही दिसायलाच हवी होती. त्या रचनेवर उलटणारा पुरावा म्हणजे फुगीर शुक्र.

गॅलिलिओने १६१०च्या मार्चमध्ये चंद्रावरचे डोंगर आणि गुरूचे चार उपग्रह यांविषयीचे पुस्तक प्रसिद्ध केले. त्याच वर्षी तो पादुआ सोडून फ्लॉरेन्सला आला आणि शरद ऋतूत संध्याकाळच्या आकाशातल्या शुक्राकडे त्याने दुर्बीण वळवली. ५ डिसेंबरला त्याचा जुना विद्यार्थी कास्तेल्ली याने पत्र लिहून नेमके हेच विचारले, की शुक्राचे आकार बदलताना दिसतात का? ११ डिसेंबरला गॅलिलिओने प्राग येथल्या राजदूतामार्फत केप्लरकडे एक लॅटिन वाक्य पाठवले. अक्षरांची उलटापालट करून केलेले ते एक कोडे होते. शोधावर आपला हक्क तर नोंदवायचा, पण खात्री होईपर्यंत तो उघड करायचा नाही, अशी ही त्या काळची रीत होती. केप्लरला ते सुटले नाही. १ जानेवारी १६११ला गॅलिलिओने स्वतःच उत्तर कळवले. त्याचा आशय असा, की प्रेमाची माता, म्हणजे शुक्र, चंद्राच्या रूपांची नक्कल करते.

निरीक्षणे कोणत्या क्रमाने झाली, ते महत्त्वाचे आहे. सुरुवातीला शुक्र लहान आणि गोलसर दिसत होता. मग त्याचा गोलपणा एका बाजूने कमी होऊ लागला. वर्ष संपता संपता तो अर्ध्यावर आला. त्यानंतर त्याची कोर झाली आणि कोर बारीक होत असताना आकार मात्र वाढत गेला. हे वाढणे थोडेथोडके नसते. शुक्र आपल्यापासून सर्वांत दूर असतो तेव्हा सुमारे २५ कोटी ८० लाख किलोमीटरवर असतो आणि सर्वांत जवळ येतो तेव्हा सुमारे ४ कोटी १० लाख किलोमीटरवर. त्यामुळे त्याचा दिसणारा व्यास सहा पटींहून जास्त बदलतो. आधी लहान आणि फुगीर, मग मोठा आणि कोरीसारखा, हे टॉलेमीच्या रचनेत बसणे शक्यच नव्हते. शुक्र सूर्याभोवती फिरतो, हे ठरले.

काय सिद्ध झाले, काय नाही

दुसरी घाई ‘पृथ्वी फिरते हे सिद्ध झाले’ या शब्दांत आहे. त्या वेळी मैदानात दोनच रचना नव्हत्या. डेन्मार्कच्या टायको ब्राहेने १५८८ साली तिसरी मांडली होती. तिच्यात बाकीचे ग्रह सूर्याभोवती फिरतात आणि त्या ग्रहांना बरोबर घेऊन सूर्य स्थिर पृथ्वीभोवती फिरतो. या रचनेत शुक्राची रूपे कोपर्निकसच्या रचनेत दिसतात अगदी तशीच दिसतात, कारण सूर्य, शुक्र आणि पृथ्वी यांच्या परस्परांतल्या जागा दोन्हींत सारख्याच असतात. रोममधल्या जेझुइट ज्योतिर्विदांनी स्वतःच्या दुर्बिणींतून शुक्राच्या कला पाहिल्या, त्या मान्य केल्या आणि १६११ साली गॅलिलिओचा सत्कारही केला. पुढे टॉलेमीची रचना सोडणाऱ्यांपैकी अनेक जण कोपर्निकसकडे न जाता टायकोकडे गेले. तर्काच्या दृष्टीने त्यांत चूक नव्हती.

पृथ्वी खरोखरच फिरते याचा थेट पुरावा मिळायला आणखी शंभरावर वर्षे लागली. पृथ्वीच्या गतीमुळे ताऱ्यांच्या जागा वर्षभर किंचित हलतात, हे ब्रॅडलीने १७२८-२९च्या सुमारास दाखवले. पृथ्वी आपल्या कक्षेच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जाते तेव्हा जवळच्या ताऱ्याची जागा दूरच्या ताऱ्यांच्या तुलनेत सरकलेली दिसते. हा सूक्ष्म फरक बेसेलने १८३८ साली मोजला. दरम्यान १६१६ साली कोपर्निकसच्या ग्रंथावर बंदी आली होती आणि १६३३ साली गॅलिलिओवर खटला चालला होता.

वर्गात शिकवताना हा भाग गाळू नये, असे वाटते. पुरावा एखाद्या कल्पनेला खोटे ठरवतो तेव्हा तिच्या प्रतिस्पर्ध्याला खरे ठरवतोच असे नाही. फुगीर शुक्राने टॉलेमीला बाद केले. कोपर्निकस आणि टायको यांच्यातला निवाडा त्याच्या हातात नव्हता. विद्यार्थ्यांना एवढे समजले तर गॅलिलिओची थोरवी कमी होत नाही, उलट विज्ञानात एकेक पाऊल कसे पडते ते कळते.

मंगळ आणि आपण स्वतः

वर सांगितलेला कोनाचा नियम पृथ्वीच्या बाहेरून फिरणाऱ्या ग्रहांना लावला की आणखी एक गंमत दिसते. मंगळावरून पाहिले तर सूर्य आणि पृथ्वी यांच्यातला कोन कधीच काटकोनाएवढा मोठा होत नाही. तो फार तर ४७ अंशांपर्यंत जातो. म्हणून मंगळाची कोर पृथ्वीवरून कधीच दिसत नाही. तो पूर्ण तरी दिसतो, नाही तर फुगीर. सर्वांत कमी उजळलेला असताना त्याच्या तबकडीचा सुमारे ८५ टक्के भाग प्रकाशित असतो. गॅलिलिओने ३० डिसेंबर १६१०च्या पत्रात कास्तेल्लीला कळवले, की मंगळ पूर्ण गोल नसावा असे वाटते, पण तसे ठामपणे सांगण्याचे धाडस होत नाही. पुढे १६३८ साली नेपल्सच्या फोंताना याने फुगीर मंगळाचे चित्र काढले. गुरू इतका दूर आहे की त्याचा फुगीरपणा जवळजवळ जाणवतच नाही. म्हणजे कोर फक्त आतल्या ग्रहांची, फुगीर रूप मात्र दोन्हींकडचे.

आणि पृथ्वी? २४ डिसेंबर १९६८ रोजी चंद्राभोवती फिरणाऱ्या अपोलो-८ या यानातून विल्यम अँडर्स यांनी चंद्राच्या क्षितिजावर उगवणाऱ्या पृथ्वीचे छायाचित्र घेतले. ते आपण सगळ्यांनी कुठे ना कुठे पाहिले आहे. ते पुन्हा काढून नीट पाहा. त्यातली निळी-पांढरी पृथ्वी पूर्ण गोल नाही आणि अर्धीही नाही. ती फुगीर आहे. त्या दिवसांत पृथ्वीवरून चंद्राची कोर दिसत होती. चंद्रावरून पृथ्वीची आणि पृथ्वीवरून चंद्राची रूपे एकमेकांना पूरक असतात. इकडून कोर दिसत असेल तेव्हा तिकडून फुगीर गोल दिसतो. चंद्रावर उभे असलो तर कुठे काय दिसेल, हा परीक्षेत विचारण्याजोगा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर त्या छायाचित्रातच आहे.

आपल्या आकाशात

मराठीत कोरीचे लाड पुष्कळ झाले आहेत. कपाळावर चंद्रकोर असते. शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेत वाढत्या वैभवाला प्रतिपदेच्या चंद्रकोरीची उपमा आहे. अर्धचंद्र तर आपण नको असलेल्या माणसाला दारातून बाहेर काढतानाही वापरतो. पौर्णिमेचे कौतुक सांगायलाच नको. मधल्या रूपाला मात्र बोलण्यात रुळलेले नाव नाही. आपण ‘दशमीचा चंद्र’ किंवा ‘त्रयोदशीचा चंद्र’ म्हणतो. तिथी म्हणजे मोजमाप. ते आकाराचे नाव होत नाही.

खरे पाहता महिन्यातला निम्मा काळ चंद्र याच रूपात असतो. शुक्ल अष्टमीच्या मध्यावर तो बरोबर अर्धा होतो. तिथपासून कृष्ण अष्टमीच्या मध्यापर्यंत, पौर्णिमेचा क्षण सोडला तर तो फुगीरच असतो. कोर संध्याकाळी लवकर मावळते किंवा पहाटे उगवते. फुगीर चंद्र रात्रीचा मोठा भाग आकाशात असतो. रात्री अंगणात किंवा गच्चीत येऊन वर पाहिले आणि चंद्र दिसला, तर तो बहुधा याच रूपातला असतो.

घरात संकष्टी करणारे कोणी ना कोणी असतेच. रात्री चंद्रोदयाची वेळ पाहून, ताट वाढून ज्या चंद्राची वाट पाहिली जाते तो कृष्ण चतुर्थीचा चंद्र फुगीर असतो. त्याचा सुमारे ८३ ते ९० टक्के भाग उजळलेला असतो. भाद्रपदातली गणेश चतुर्थी शुक्ल पक्षातली, म्हणून तिचा चंद्र बारीक कोरीचा. दोन्ही चतुर्थ्याच, पण एकीच्या चंद्राला जेवढा उजेड तेवढाच दुसरीच्या चंद्राला अंधार. चंद्राच्या कला शिकवायला याहून ओळखीचे उदाहरण शोधावे लागणार नाही.

प्रयोगासाठी साहित्य म्हणजे एक चेंडू. शुक्ल नवमी-दशमीच्या दुपारी चार-साडेचारच्या सुमारास मुलांना मैदानावर न्यावे. सूर्य पश्चिमेकडे कललेला असेल आणि पूर्वेच्या आकाशात फिकट पांढरा चंद्र वर आलेला असेल. हात लांब करून चेंडू चंद्राच्या शेजारी दिसेल असा उन्हात धरायला सांगावा. चेंडूवर उजेडाचा जो आकार दिसेल तोच चंद्रावर दिसेल, दोन्ही बाजूंनी फुगलेला. सकाळची शाळा असेल तर कृष्ण चतुर्थी-पंचमीला पश्चिमेकडे मावळायला निघालेला चंद्र घेऊन हेच करता येईल. ढग नसावेत एवढीच अट. सूर्याकडे थेट पाहायचे नाही, हे मात्र आधी बजावून सांगावे.

मग प्रत्येकाला वहीत त्या चंद्राचे चित्र काढायला सांगावे आणि त्याला मराठीत काय म्हणायचे, हेही विचारावे. फुगीर चंद्र, पोटाचा चंद्र, पाऊण चंद्र, जे सुचेल ते. नाव सुचवताना मुले दुसरी कड कुठे वळते ते पुन्हा बघतील, आणि मग वहीतल्या चित्रांत चावा घेतलेले चंद्र किती उरले ते मोजावे.